राओबेयाचे बूट

राओबेयाचे बूट कधी एका छपराखाली झोपले नाहीत. डावा तिच्या घरी, तांदळाच्या रिकाम्या डब्यात. उजवा गावाच्या दुसऱ्या टोकाला, काइतारा मास्तरांच्या पत्र्याच्या शेडमध्ये, वजनाच्या लोखंडी चकत्यांच्या मागे. सरावाला निघताना ती डावा बूट फडक्यात गुंडाळून काखेत मारायची, शेडमध्ये नेऊन त्याची उजव्याशी गाठ घालून द्यायची, आणि सराव संपला की दोघांची पुन्हा ताटातूट. परक्या माणसाला हे वेड वाटेल. आमच्या बिकेनिबेऊ गावात कोणालाही वाटलं नाही. एकट्या बुटाचं कोणी काय करणार? म्हणून तो कोणी मागत नाही. जोडी दिसली असती तर आठवड्याच्या आत गेली असती.

आमच्याकडे मागण्याची रीतच तशी आहे. नात्यातल्याने नाहीतर ओळखीच्याने यायचं, चटईवर मांडी घालून बसायचं, इकडचं तिकडचं बोलायचं, आणि मग "बुबुसी करायला आलोय" असं म्हणून वस्तूचं नाव घ्यायचं. झालं. ती वस्तू द्यायची, आणि तीही उसनी नाही, कायमची. नाही म्हणणारा माणूस आमच्या बेटावर एकच होऊन गेला. त्याच्या पतवंडांनाही लोक अजून "त्या नाहीवाल्याची" म्हणून ओळखतात, यावरून काय ते समजा. लपवायला मात्र सगळ्यांना मुभा आहे. चांगली कढई मचाणाखाली जाते, नवा कंदील पोत्यात जातो, आणि लांबून पाहुणा दिसला की रेडिओवर चादर पडते. पाहुण्यालाही ते कळतं, कारण त्याच्या घरी तेच चालतं.

राओबेयाच्या घरून आजवर काय काय गेलं! सायकल गेली. शिवणयंत्र नणंदेने नेलं. मुलीच्या पहिल्या वाढदिवसासाठी वाढवलेलं डुक्कर चुलत दिराने वाढदिवसाच्या आदल्या दिवशी नेलं, आणि वर जेवायलाही आला. तिचा नवरा इओतेबा रोज सकाळ-संध्याकाळ माडावर चढून ताडी उतरवतो आणि शेंड्यावर बसून मोठ्याने गाणी म्हणतो. तो वरूनच ओरडायचा, "आपलं घर म्हणजे दुकानच गं! फक्त पैसे घ्यायचे तेवढे राहतात!"

"मग तू माग की जाऊन कोणाकडे," ती खालून म्हणायची.

"तू का नाही मागत?"

यावर राओबेया चुलीकडे वळायची. तिने जन्मात कोणाकडे काही मागितलं नव्हतं. तिची आई ओनोतोआ बेटावर मागण्यासाठीच प्रसिद्ध होती. नवरा समुद्रात गेलेला, पदरात लेकरं. मागेल नाहीतर करेल काय? पण ती वाटेवर दिसली की घराघरांतून भांडी हलवल्याचे आवाज यायचे. आईचं बोट धरून चालणाऱ्या राओबेयाला ते आवाज ऐकू यायचे. आईलाही येत असणारच. त्या वाटेवर पोरीने मनाशी पक्कं केलं, की द्यायचं ते देईन, पण मागणार नाही. आणि एकदा पक्कं केलं की ही बाई हलत नाही, हा तिचा गुणही आणि दुर्गुणही.

ती बालवाडीत शिकवते. वेटलिफ्टिंगला लागली ती एका ट्रकमुळे. ईस्टरच्या जेवणाला चर्चची गायकमंडळी घेऊन निघालेला ट्रक वाळूत रुतला. सगळे पुरुष खाली उतरून एकमेकांना सल्ले देऊ लागले. राओबेयाच्या मांडीवर झोपलेलं पोर तिने शेजारणीकडे दिलं, मागे गेली, कमरेत वाकली आणि ट्रकचा मागचा भाग उचलून बाजूला ठेवला. सल्ले थांबले. गायकमंडळींना सूर लावून देणारे काइतारा मास्तर हेच देशाच्या वजन उचलणाऱ्यांचेही मास्तर. ते म्हणाले, "पोरी, सोमवारी शेडवर ये."

"बालवाडी सुटली की येते," ती म्हणाली.

त्या दिवसापासून ती जातेच आहे. बालवाडीतली पोरं आता झाडूची काठी डोक्यावर धरून पाय फाकवून उभी राहतात आणि "बाई, बघा, पांढरा दिवा!" असं ओरडतात. पंचांचा पांढरा दिवा म्हणजे उचल मान्य, लाल म्हणजे अमान्य, हे त्या पोरांना अक्षरांच्या आधी येतं.

पण मागच्या पॅसिफिक खेळांत राओबेयाच्या वाट्याला लालच दिवे आले. आमच्या या खेळात दोन प्रकार. एकात वजन एका दमात डोक्यावर न्यायचं. ते तिला जमलं. दुसऱ्यात आधी खांद्यावर घ्यायचं, मग तिथून वर फेकायचं. त्याचे तिन्ही प्रयत्न फसले. पायात कापडी बूट होते, त्यांचे तळवे मऊ. वजनाखाली टाच डळमळली. एका प्रकारात तिन्ही फसले की एकूण आकडाच धरत नाहीत. फलकावर सगळ्यांच्या नावांपुढे आकडे होते, शेवटच्या क्रमांकाच्या बाईच्या नावापुढेसुद्धा. राओबेयाच्या नावापुढे आडवी रेघ होती.

घरी आल्यावर रीतीप्रमाणे मानेआबात, म्हणजे गावाची सभा भरते त्या मोठ्या छपरीत, तिला डोक्यावर फुलांचं कडं घालून उभं केलं आणि काय घडलं ते सांगायला लावलं. तिने सांगितलं. कोणी हसलं नाही. सगळ्यांत वडील म्हातारे एवढंच म्हणाले, "बस पोरी, जेव." हसले असते तर बरं झालं असतं. ती रेघ तिच्या डोळ्यांपुढून हलली नाही.

मग तिने समुद्रापलीकडचं सुव्हा शहर गाठलं आणि तिथल्या एका म्हाताऱ्या चांभाराकडून मापाचे बूट करून घेतले, लाकडी टाचेचे. तिच्या घराण्याचे पाय म्हणजे पुढे पंख्यासारखे पसरलेले. दुकानातला कुठलाही बूट त्यांत जात नाही. हे बूट पायात घालून उभी राहिली की तिला जमीन लागायची. पुढचे खेळ तिचे शेवटचे, हे तिलाही ठाऊक होतं आणि गुडघ्यालाही. पदक कोणाला हवं होतं? तिला त्या रेघेच्या जागी आकडा हवा होता.

खेळ होनियारात भरले. तिथे बूट प्रथमच एका पिशवीत, एका खोलीत, खिडकीखाली शेजारी शेजारी विसावले. चूक झाली ती इथेच. परदेशात आपल्याला कोण मागायला येतंय, असं तिला वाटलं. अहो, बरोबर आपलीच माणसं होती की!

तिच्या भावाची मुलगी तेइमा, अंगाने चिमुरडी, हलक्या वजनगटात उतरणारी. तिची उचल सकाळी होती, राओबेयाची संध्याकाळी. सकाळी तेइमाच्या बुटाची टाच खाऱ्या हवेने सुटून हातात आली. पोर ओनोतोआत आजोळी कडक म्हाताऱ्यांच्या हाताखाली वाढलेली. "आत्या, जरा बूट दे गं" एवढं म्हणाली असती तर काम झालं असतं. पण ती दारातून आत आली, फरशीवर मांडी घालून बसली आणि खाली मान घालून म्हणाली, "आत्या, बुबुसी करायला आलेय. तुझे बूट."

राओबेयाने बुटांकडे पाहिलं. मग पोरीकडे पाहिलं.

"घे," ती म्हणाली. "तुझी उचल झाली की संध्याकाळी मी घालीन."

"हो आत्या."

पाय घराण्याचेच. बूट बरोब्बर बसले.

आणि त्या बुटांत तेइमाने कांस्यपदक घेतलं! होनियाराच्या व्हाइट रिव्हर वस्तीत आमची माणसं राहतात. आजोबांच्या काळात बेटांवर पाणी आटलं तेव्हा त्यांना इकडे आणून बसवलं होतं. ती सगळी वस्ती प्रेक्षकांत होती. त्यांनी जी गाणी धरली, जे नाच केले, की पंचांना दोनदा हात जोडावे लागले. राओबेयाही रडली. मग डोळे पुसून मागच्या खोलीत गेली. तेइमा अनवाणी उभी होती. गळ्यात पदक, आणि तोंडावरचा रंग उडालेला.

"बूट कुठे?" काइतारा मास्तरांनी विचारलं.

"गेले."

"गेले म्हणजे? चालत गेले?"

"व्हाइट रिव्हरच्या एक आजी आल्या होत्या. त्यांनी मागितले. म्हणाल्या, आमच्या मानेआबात लावते, पोरांना दिसतील. बुबुसी म्हणाल्या मास्तर! मी काय करणार?"

मास्तरांनी कपाळावर हात मारून घेतला. ओरडायला तोंड उघडलं आणि मिटलं. ओरडणार कशावर? आजीने रीतीने मागितलं, पोरीने रीतीने दिलं. त्यांच्याकडे मागितले असते तर त्यांनीही दिले असते.

"मी जाऊन परत मागते," तेइमा रडवेली होऊन म्हणाली.

"दिलेली वस्तू परत मागशील?" राओबेया कडाडली. "आपल्या सात पिढ्यांना नावं ठेवतील. गप्प बस तू."

टोंगाच्या एका भल्या पोरीने तिचे बूट देऊ केले. त्यांत राओबेयाची निम्मी बोटंही गेली नाहीत. उरले ते पायातले कापडी बूट. तिने त्यांच्याकडे पाहिलं आणि तिला ती आडवी रेघ दिसली. तेइमाला परत मागता येत नव्हतं, कारण तिने दिले होते. पण राओबेयाने त्या आजीला काही दिलं नव्हतं. राओबेया मागू शकत होती. साध्या रीतीने, चटईवर बसून, जसं सगळं जग मागतं तसं. हे तिला चांगलंच कळत होतं, आणि पाय जागचे हलत नव्हते.

"मास्तर," ती शेवटी म्हणाली, "गाडी बघा."

"कुठे जायला?"

"मागायला."

मास्तरांनी तिच्याकडे पाहिलं. तिला इतकी वर्षं ओळखत होते. ते गाडी बघायला गेले.

व्हाइट रिव्हरमध्ये छपरीच्या मधल्या खांबाला बूट टांगून झाले होते. त्यांना फुलांची माळ घातली होती, आणि खाली पोरं माना वर करून बसली होती. आजीचं नाव नेइ बेरेना. सुकलेल्या खोबऱ्याच्या अंगलटीची, नजर मात्र सुईसारखी. तिने राओबेयाला चटई दिली, शहाळं दिलं, मासा पुढे ठेवला. वजनगटासाठी राओबेयाचं वजन अजून काट्यावर व्हायचं होतं, सकाळपासून पोटात अन्न नव्हतं. तरी तिने रीतीपुरता घोट घेतला, रीतीपुरता तुकडा मोडला. आजीने विचारलं, कोणत्या बेटाची? कोणाची? राओबेयाने आईचं नाव सांगितलं. ते नाव घेताना ती आपसूक कान देऊन बसली. भांडी हलल्याचा आवाज आला नाही. इथे तिच्या आईला कोणी ओळखत नव्हतं.

"आजी," ती म्हणाली, आणि शब्द अडकला. ट्रक उचलणाऱ्या बाईला एक शब्द उचलेना. तेव्हा तिच्या मनात आलं, माझ्या आईने हे दर आठवड्याला केलं. आमच्यासाठी, दर आठवड्याला, त्या आवाजांमधून चालत जाऊन. तिला आईचा एवढा अभिमान कधी वाटला नव्हता.

"आजी, बुबुसी करायला आलेय. ते बूट."

खालच्या पोरांनी माना वळवून तिच्याकडे पाहिलं. एक तर रडायलाच लागलं. नेइ बेरेनाने क्षणभरही वेळ घेतला नाही. "काढ रे ते," ती नातवाला म्हणाली. बूट आले. तिने माळ सोडवून राओबेयाच्या गळ्यात घातली आणि बूट तिच्या मांडीवर ठेवले.

राओबेया उठायला लागली.

"बस," आजी म्हणाली. "झालं तुझं? आता माझी पाळी. मीही बुबुसी करते."

राओबेयाने हसून जाकिटाच्या चेनला हात घातला. देण्याचं काम तिच्या सवयीचं. "सांगा आजी. हे जाकीट? की पिशवी?"

"त्या चिंध्या-बिंध्या ठेव तुझ्याकडे. ते लोखंड असतं ना, खांद्यावरून डोक्यावर नेतात ते? ते मला हवं. डोक्यावर, हात सरळ, हलायचं नाही. आमच्या पोरांसमोर. ते मला दे."

"आजी, असं कसं..." राओबेया चाचरली. "ते काय घरात ठेवलेलं असतं? ते होईल, न होईल."

"मी रीतीने मागितलं," आजी शांतपणे म्हणाली. "तू रीतीने उत्तर दे."

राओबेयाने बूट छातीशी धरले. नाहीवाल्या माणसाची पतवंडं तिच्या डोळ्यांपुढे आली. इतक्या वर्षांत तिने काय दिलं नव्हतं? पण जे आपल्याजवळ नाही ते कोणी मागितलं नव्हतं.

"दिलं," ती म्हणाली.

संध्याकाळी पहिल्या प्रकारात पांढरे दिवे मिळवून तिने लवकर आवरलं. दुसऱ्यासाठी मास्तर हलका आकडा लिहायला निघाले होते. तिने त्यांचा हात धरला. "मागच्या वेळी ज्याने पाडलं तेच वजन लावा."

"अगं बाई, खालून सुरुवात कर. आकडा लागल्याशी मतलब."

"तेच लावा मास्तर."

"हट्टी आहेस! ट्रकच्या दिवशीच कळायला हवं होतं मला."

पहिल्या प्रयत्नाला वजन खांद्यावर आलं, वर जाताना पुढे गेलं आणि धाडकन पडलं. मास्तरांनी तोच आकडा पुन्हा लावायला सांगितला. एकदा सुरू केलं की वजन कमी करता येत नाही, ते दोघांनाही माहीत होतं. दुसऱ्या प्रयत्नाला वजन डोक्यावर गेलं. कोपर वाकलं. तीन पंचांपैकी दोघांचे दिवे लाल, म्हणजे अमान्य. वस्तीची गाणी विरत विरत थांबली. कोपऱ्यात तेइमा ओठ चावत उभी होती आणि मास्तर खडूची पूड राओबेयाच्या हाताला लावायच्या ऐवजी स्वतःच्याच हाताला चोळत होते.

तिसऱ्या वेळी राओबेया मंचावर आली. टाचा रोवल्या. जमीन लागली. समोर पाहिलं तर वस्तीच्या माणसांत पुढेच नेइ बेरेना चटई घालून बसलेली. ती प्रार्थना करत नव्हती, ओरडत नव्हती. दोन्ही तळवे वर करून तिने मांडीवर ठेवले होते. आमच्याकडे मागणारा माणूस वस्तू हातात पडेपर्यंत असाच बसतो. तो घाई करत नाही, कारण वस्तू येणार हे ठरलेलं असतं.

राओबेयाला कमालीचा राग आला. म्हातारीचा, लोखंडाचा, गुडघ्याचा, बेटावर भांडी हलवणाऱ्या सगळ्या घरांचा. ती वाकली. वजन खांद्यावर आलं. डोळ्यांपुढे काळं झालं, पण ती उभी राहिली. श्वास घेतला आणि फेकलं. पाय फाकले, लाकडी टाच मंचावर वाजली, हात सरळ झाले आणि सरळ राहिले. गुडघा कळवळत होता. कळवळू दे. ती आजीकडे बघत होती. ही बघ. ही घे.

पांढरे दिवे लागले, तिन्ही. तिने वजन सोडलं तेव्हा नेइ बेरेनाने तळवे मिटले, पदराला गाठ मारावी तसे, आणि शेजारणीला काहीतरी सांगितलं. फलकावर राओबेयाच्या नावापुढे आकडा आला. तो शेवटून दुसरा होता. ती त्या आकड्यासमोर उभीच राहिली. शेवटी मास्तरांना तिला ओढून न्यावं लागलं, आणि त्यांना काय ओढता येतंय? तीच त्यांच्यावर दया करून गेली.

बिकेनिबेऊला परतल्यावर रीतीप्रमाणे मानेआबा भरला. आधी तेइमाचं पदक हातोहात फिरलं. मग राओबेयाला फुलांचं कडं घालून उभं केलं. तिचे बूट छपरीच्या कडेला होते, दोन्ही शेजारी शेजारी, येणाऱ्या-जाणाऱ्याला दिसतील असे. नणंदेची नजर दोनदा तिकडे जाऊन आली. इओतेबा बायकोला खुणा करत होता, झाक, झाक. तिने झाकले नाहीत. ते कोणी मागितले, तर जातील. आणि लागले, तर तीही मागेल.

वडील म्हाताऱ्यांनी विचारलं, "मागच्या वेळी नाही उचललं, पोरी. या वेळी कसं उचललंस?"

राओबेयाने कडेच्या बुटांकडे पाहिलं.

"एका आजीने मागितलं होतं," ती म्हणाली. "नाही कसं म्हणणार?"

सगळ्या मानेआबाने मान डोलावली.